जावळाचा मामा

न्हाव्याची तुरटी दिसली की मला इस्लामपुरातली ती उन्हाळ्यातली दुपार आठवते आणि डोकं परत तापतं. नवऱ्याला सोडून, लेक काखेत मारून मी कोयनेच्या वरच्या वाडीतून एवढ्या लांब आले होते. शाळा चौथीत सुटलेली, ओळख कुणाची नाही. साखर कारखान्याच्या कँटीनमध्ये माझ्यासोबत चपात्या लाटणाऱ्या एका नवरा वारलेल्या बाईनं आपल्या खोलीत जागा दिली आणि लेकीला आम्ही दोघींनी मिळून वाढवलं. त्या दिवशी लेकीचं जावळ होतं. भावाला निरोप धाडला होता, त्याच्या मानाची टोपीही आणली होती. सकाळपासून एसट्या आल्या, गेल्या. भाऊ काही उतरला नाही. डोकंभर घामोळं उठलेली लेक किंचाळत होती आणि न्हावीदादा निवांत विडी ओढत होते. "मामाच्या मांडीबिगर वस्तारा लावत न्हाई मी." "आवं, मामा काय झाडाला लागत्यात व्हय?" मी ओरडले. शेजारणी म्हणाल्या, "ऱ्हाऊ दे, फुडच्या वर्षी काढ." तेवढ्यात माझ्या जोडीदारणीनं लेकीला ओढून मांडीवर घेतलं आणि ती टोपी स्वतःच्याच डोक्यावर चढवली. "लावा वस्तारा. तापात हिला मांडीवर घेऊन मी बसती, तवा कुठं आसतो ह्यो मामा?" न्हावीदादांनी विडी विझवली आणि लेकीचं डोकं भिजवलं. आता लेकीचं लग्न ठरलंय. नवरीला मंडपात कुठला मामा आणणार, असं व्याही विचारतात. माझी जोडीदारीण मात्र मामाच्या त्या मानासाठी नवं पातळ घेऊन मोकळी झालीय.