हजेरीबुकातलं पहिलं नाव

त्या सकाळी मी आणि बायको ओटीवर बसून वाल सोलत होतो. मोड आलेले वाल कोमट पाण्यात टाकलेले, मधे परात. ती चिमटीत असा दाणा दाबायची की साल हातात राहायची आणि मोड शाबूत. माझे तुटायचे. "तुमी सालं गोळा करा, दाण्यांचा जीव घेऊ नका," ती म्हणाली. लग्नाला एवढी वर्षं झाली, पण हे काम मला कधी जमलं नाही.

मी पनवेलात भाताच्या सहकारी गिरणीत मुकादम होतो. मुकादम कसा झालो हे तिला माहीत होतं, म्हणून लिहितो.

स्वातंत्र्य मिळालं त्या सुमारास गिरणीची सोसायटी निघाली. पोती तोलायला आम्ही दोघंच. दुसरा माझ्या बायकोच्या माहेरगावचा, आपट्याचा. तिला ताई म्हणायचा, ती त्याला दादा. तो मळणीच्या दिवसांत लागला, मी नंतर, शिमगा झाल्यावर. तेव्हा हजेरीबुक नव्हतंच. पुढं ते आलं आणि सेक्रेटरी मला म्हणाला, "तुला अक्षर येतं, नावं तूच घाल." मी चौथीतून शाळा सोडलेली. हाताला सवय एकाच नावाची, माझ्या. ते आधी लिहिलं, हात मोकळा करून घेतला, मग अडखळत त्याचं. लबाडी नव्हती. देवाशपथ नव्हती.

काही वर्षांनी मुकादमाची जागा निघाली आणि कमिटीनं माझं नाव पुढं केलं. त्यानं तक्रार केली. आम्हाला दोघांना कमिटीपुढं उभं केलं. चेअरमननं बुकाचं पहिलं पान उघडलं. "वर नाव याचं आहे. वरचा तो जुना."

"साहेब, मी आधीचा हाय," तो म्हणाला. "यालाच इचारा ना. हा काय खोटं बोलणार नाय."

चेअरमन माझ्याकडं वळले. मी म्हणालो, "बुकात हाय ते हाय."

खोटं बोललो नाही. घरी येऊन तिला हेच सांगितलं. तिनं ताट वाढलं.

मुकादम झालो तरी रोज हजेरीला उभं राहावं लागायचं. आधी माझं नाव, मागोमाग त्याचं. त्याचा "हजर" माझ्या पाठीवर पडायचा. सुट्टीच्या दिवशीही ऐकू यायचा. तो जाऊनही आता किती वर्षं झाली, अजून येतो.

तर त्या सकाळी वाल सोलताना ती म्हणाली, "दादाचे गुडघे गेले. अजून पोती ओढतोय."

"मग मी काय करू?"

"तुमाला त्याचं नाव आधी लिवता आलं नाय, येवढंच ना? मग तोंडानं बोलायला काय झालं होतं?"

"तू गप वाल सोल," मी म्हणालो आणि कामावर गेलो.

दुपारी शेजारीण गोदामावर धावत आली. मी पोचेपर्यंत संपलं होतं. छातीत कळ आली, बसल्या जागी गेली, बायका सांगत होत्या. चुलीवर वालाच्या बिरड्याचं पातेलं तसंच होतं.

मूलबाळ नव्हतं. मडकं मीच धरलं. तिरडीचा पुढचा खांदा तिच्या दादानं दिला आणि गाढी नदीच्या काठापर्यंत कुणाला बदलू दिला नाही. मी पुढं चालत होतो. त्याचा श्वास मागून ऐकू येत होता. मी वळून बघितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सोसायटीच्या ऑफिसच्या पायरीखाली जाऊन उभा राहिलो. सेक्रेटरी बाहेर आला.

"अरे, सुतकात कशाला आलास?"

"आत येत नाय. जबाब लिवायचा हाय. मुकादमाच्या जागेचा."

"ते कधीच मिटलं."

"तुमचं मिटलं. सुतक मला हाय, कागदाला नाय. लिवा."

तो आत जाऊन कागद, दौत घेऊन आला. मी खालून सांगत गेलो. आपट्याचा गडी मळणीला लागला, मी शिमग्यानंतर. नावं मी लिहिली. विचारलं तेव्हा हे बोललो नाही. सेक्रेटरीनं ते वाचून दाखवलं आणि कागद पायरीवर ठेवला. मी वाकून सही केली.