ताटावरून उठताना

मागून येऊन ती खांदा दाबायची. नुसता हात ठेवायची नाही, चांगला दाबायची. तुम्ही ताटावरून अर्धे उठलेले, एक गुडघा वर, डोळा घड्याळावर, आणि खांद्यावर पिठाने भरलेला हात. "कुठं निघालाव? बसा खाली. ह्यो भाकरीचा तुकडा कुणी खावा, तुमच्या एसटीनं?"

पहिल्यांदा मला रागच आला होता. मी काही शाळेतलं पोर नव्हतो. नांदेडच्या एका मसालेवाल्याचा माल घेऊन महिन्यातून दोनदा नायगाव, देगलूर, उदगीर करत लातूरला येणारा चांगला बाप्या माणूस. शर्टावर पाचही बोटं उमटलेली, आणि त्याच शर्टात मला अजून चार हॉटेलं करायची होती. म्हणालो, "मावशी, गाडी चुकंल की!" म्हणाली, "चुकू द्या. सरकारकडं लई गाड्या हायत." झालं, मी बसलो. गाडी चुकली ती चुकलीच.

मावशी म्हणालो खरा, पण ती माझ्याहून चार-पाच वर्षांनीच मोठी असेल. खानावळ चालवणारी बाई म्हणजे मावशी, हा लातूरचा कायदा. ती मला 'नांदेडवाले' म्हणायची. एवढ्या वर्षांत आम्ही एकमेकांचं नाव विचारलं नाही, आणि कुणाचं अडलंही नाही.

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. दुसऱ्याला बसवणारी आणि स्वतः कधी न बसणारी. ती जेवायचीसुद्धा उभ्याने, भाकरी तळहातावर घेऊन, त्यावर चटणी, आणि डोळे पंगतीवर. एक पाय पत्र्याच्या आत, एक बाहेर. मी एकदा म्हणालो, "मावशी, तुम्ही बसा की जरा." तर म्हणाली, "बसले तर उठवायला कोण हाय?" आणि लगेच कुणाला तरी आमटी वाढायला पळाली.

खानावळ म्हणजे काय, तर ट्यूशनच्या गल्लीमागं एका रिकाम्या प्लॉटवर चार लोखंडी खांब आणि वर पत्रे. भिंती नाहीत. उन्हाळ्यात भट्टी, पावसाळ्यात ताशा. पोरं ओरडायची, "मावशी, स्लॅब टाका ना!" तिचं उत्तर ठरलेलं, "पत्रा पडला तर टेंगूळ येतं. स्लॅब पडला तर सुतक." पोरं हसायची. ती भूकंपाच्या गावची, नवरा त्यातच गेलेला, हे सगळ्यांना माहीत होतं. त्यामुळे ते हसणं कुणी वाढवत नसे.

आता माझ्या धंद्याबद्दल थोडं सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. शहर कसं चाललंय हे लोक पेपरात वाचतात. मला ते मिरचीपूड किती खपते त्यावरून कळायचं. भूकंपाआधी लातूरला स्टँडवरची भज्यांची हॉटेलं आणि मार्केट यार्डातली हमालांची पुरीभाजी, एवढाच माझा इलाखा. भूकंप झाला आणि बाहेरची माणसं लोटली. ट्रकवाले, साहेबलोक, इंजिनियर, फोटो काढणारे. त्यांना जेवायला लागायचंच. माणसं मेली आणि हॉटेलं चालली, हे बोलायला जीभ रेटत नाही, पण तसं झालं. माझा माल दुप्पट जायचा आणि मला घरी जाऊन ते सांगायची लाज वाटायची.

मग नवी गावं बांधून झाली, बाहेरचे परत गेले, निम्मी हॉटेलं बसली. मला वाटलं, संपलं लातूर. तर पोरं आली. जळकोटची, किनवटची, कुठकुठली, डोक्यावर पत्र्याची पेटी आणि काखेत वळकटी घेऊन. डॉक्टर व्हायचं म्हणून. गल्लीगणिक क्लास आणि क्लासगणिक खानावळ. त्या पोरांच्या आईबापांच्या मागोमाग पावभाजी आली, चायनीज आलं, फॅमिली रेस्टॉरंट आलं. एका हॉटेलचा बोर्ड मी डोळ्यांदेखत पाचदा बदललेला पाहिला. मालक तोच, टेबलं तीच, आणि खरं सांगू का, भजीही तीच!

या सगळ्यात मावशीने काही बदललं नाही. ज्वारीची भाकरी, येसरची आमटी, शेंगदाण्याची चटणी, सणाला पोळी. येसरचं धान्य आणि मसाले ती स्वतः भाजायची, स्वतः दळून आणायची. माझ्याकडून इतक्या वर्षांत तिने फक्त हळद घेतली, तीही उपकार केल्यासारखी. मसाल्याचं पाकीट पुढे केलं की नाकाशी धरायची आणि म्हणायची, "रंग लई हाय ह्याला. वास कुठं ठिवून आलाव, नांदेडला?"

तरी मी दर खेपेला तिथंच जेवायचो. चिडायचो, घड्याळ बघायचो, आणि तिथंच जेवायचो.

मग तो प्लॉट विकला गेला. मालकाने दोन महिन्यांत जागा मोकळी करायला सांगितली. मावशीची एकुलती लेक नांदेडला नर्सिंगला होती, दुसऱ्या वर्षाला. खानावळ बंद झाली तर तिचं शिक्षण थांबणार, इतकी साधी गोष्ट होती. मावशी गल्लोगल्ली रिकामी जागा शोधत फिरली. लातूरच्या त्या भागात रिकामी जागा! तिथं आता दोन बिल्डिंगींमध्ये मांजर जाईल एवढी फट राहिली नव्हती.

आणि इथं मी शहाणपणा केला. कुणी मला सांगितलं नव्हतं.

एका नव्या हॉस्टेलचा मालक माझ्या ओळखीचा होता. चार मजले वर, मेस खाली तळघरात. त्याला चांगल्या हाताची बाई हवी होती आणि मला त्या मेसला मसाला द्यायचा होता. हो, तोही हिशोब डोक्यात होता, कशाला लपवू. मावशीला म्हणालो, "हे बघा, पत्र्याचा जमाना गेला. आता हॉस्टेल आणि मेस एकाच छपराखाली. सुट्या खानावळी दोन वर्षांत राहणार नाहीत. मी रोज बघतो की."

ती बराच वेळ परातीतलं पीठ मळत राहिली. मग विचारलं, "खाली हाय म्हणताव? जमिनीच्या खाली?"

"चांगले कॉलम आहेत, मावशी. भूकंपालासुद्धा काही होणार नाही."

"पोरीचं एक वर्स ऱ्हायलंय," ती म्हणाली. तेवढंच. आणि मी खुशीत निघालो, त्या दिवशी तिने माझा खांदा दाबला नाही हे माझ्या लक्षातही आलं नाही.

पुढच्या खेपेला मुद्दाम तिथं जेवायला गेलो. तळघर चकाचक. स्टीलची टेबलं, पंखे, ट्यूबलाइट. मावशी पायऱ्यांच्या अगदी तळाशी उभी, हात कठड्यावर. चेहरा पिठासारखा कोरडा. पण उभी होती. मला वाटलं, जमलं बुवा. छताची भीती गेली की झालं.

पोरांची पहिली बॅच बसली. भाकऱ्या आल्या, आमटी आली. जेवण रंगात आलं आणि भिंतीवरची घंटी वाजली. कर्कश, शाळेतल्यासारखी. आणि चाळीस पोरं एकदम उठली.

ताटांत भाकऱ्या तशाच. कुणाची अर्धी, कुणाची पाव. पंचवीस मिनिटांची बॅच, मालकाने मला आधी अभिमानाने सांगितलं होतं, आणि मी "काय शिस्त!" म्हणून मान डोलावली होती. पुढची बॅच पायऱ्यांवर उभी होती.

मावशी धावली. एकाचा खांदा दाबला, तो बसला. तोवर शेजारचा उठला. त्याला बसवलं तर पहिला उठला. दोन हात आणि चाळीस खांदे. "आरं बसा रं! खाऊन घ्या रं!" काही पोरं हसत होती. जळकोटचं एक उंच, हडकुळं पोरगं पत्र्याखालच्या दिवसांपासून तिच्याकडे जेवायचं, ताटाशेजारी वही ठेवून पाठ करत. त्याला तिने दोन्ही हातांनी धरून ठेवलं. तो रडकुंडीला आला. "मावशी, टेस्ट हाय. सोडा ना. सोडा म्हणतो ना!"

मॅनेजर म्हणाला, "मावशी, पुढची बॅच खोळंबली."

तिने हात काढले. ते पोरगं पळालं. तिने त्याच्या ताटाकडं पाहिलं, पदराने हात पुसले आणि पायऱ्या चढून वर गेली. भरभर नाही, घाबरून नाही. एकेक पायरी. मी मागून हाका मारल्या, "मावशी, अहो मावशी!" ती रस्त्यावर जाऊन उभी राहिली आणि म्हणाली, "छताचं मी सोसलं असतं, नांदेडवाले." दुसऱ्या दिवशी ती गावी निघून गेली.

मी महिनाभर तोंड चुकवत फिरलो. मग एक दिवस मनाचा हिय्या करून तिच्या गावाला गेलो. पुनर्वसनाचं गाव. रुंद रस्ते, सारखी घरं, आणि माणसं एकमेकांपासून हाकेच्याही पल्याड. सरकारी घरात तिने ज्वारीची पोती ठेवली होती, आणि स्वतः समोर पत्र्याचं शेड घालून राहत होती. चुलीवर तवा होता. मला पाहून म्हणाली, "आलाव? बसा."

मी बसलो आणि माफी मागायला लागलो. ती मधेच म्हणाली, "आदी जेवा." वाढलं, आणि काय आश्चर्य, माझ्यासमोर पाटावर बसली. तिला बसलेली मी पहिल्यांदाच पाहत होतो.

"त्या दिवशी गणपती बुडवून आलतो," ती म्हणाली. "आमटीत मीठ जादा झालतं. ते बोलले, मी बी बोलले. ते ताटावरून उठले. मी म्हणलं, उठा, उद्या खाताल. रागारागानं पोरगी काखंत घेतली अन् अंगणात येऊन झोपले. ते आत झोपले. पहाटं घर बसलं." तिनं बसल्या बसल्या माझ्या ताटात भाकरी घातली. "चवथ्या दिवशी माती उपसली, तर ताट सापडलं. मीच झाकून ठिवलं व्हतं."

इतकी वर्षं आम्ही सगळे समजत होतो की बाई दणकट आहे, हुकूम गाजवते. आणि ती प्रत्येकाच्या खांद्यावर हात ठेवून त्या एकाच माणसाला खाली बसवत होती. मला स्वतःची लाज वाटली. मान खाली घालून ताट स्वच्छ केलं.

लेकीचं कसं, असं विचारलं. म्हणाली, शेतमजुरी आहे, सकाळी हायवेच्या फाट्यावर चुरमुऱ्याच्या सुशीलाची आणि चहाची गाडी लावते, होईल. आणि झालंही. लेक नर्स झाली. मीही नंतर लातूरला गेलो की वाकडी वाट करून त्या फाट्यावर उतरू लागलो. गाडीवर छत्रीसुद्धा नव्हती. चुरमुऱ्याची सुशीला, वर शेंगदाणे, आणि मागून खांद्यावर हात.

गेल्या उन्हाळ्यात मावशीच्या लेकीचा फोन आला. मावशी छातीत दुखतंय म्हणाली आणि दवाखान्यात न्यायच्या आतच गेली. "आई तुमचं नाव सांगत नव्हती, नुसतं नांदेडवाले म्हणायची," लेक म्हणाली. "फोनमध्ये तसंच हाय, म्हणून सापडलाव."

तेराव्याला गेलो. अंगणात मांडव न घालता पंगत बसली होती, आकाशाखाली. तिची जुनी पोरं आली होती. कुणी इंजिनियर, कुणी तहसीलला, कुणाची पोटं सुटलेली. गाड्या रस्त्याच्या कडेला ओळीने. सगळे घाईतले, हे दिसतच होतं. दर मिनिटाला कुणाचा ना कुणाचा फोन किणकिणायचा. एवढं शिकली, मोठी झाली, पण ती घंटी काही सुटली नाही बिचाऱ्यांची.

माझ्या समोर जळकोटचं ते पोरगं होतं. आता उदगीरला डॉक्टर. वरण-भात, बुंदी वाढून झाली होती, तो निम्म्यावर आला होता आणि त्याचा फोन वाजला. "हो, हो, निघालोच," म्हणत त्याने एक गुडघा वर घेतला.

आणि सगळी पंगत थांबली. सगळ्यांनी नुसतं त्याच्या खांद्यावरून मागं पाहिलं. त्यानेही वळून पाहिलं.

मागं कुणी नव्हतं. पत्र्याचं शेड, विझलेली चूल.

त्याचा चेहरा असा काही झाला की मला बघवेना. मग तो हळूच खाली बसला आणि फोनमध्ये म्हणाला, "न्हाई. जेवून येतो." डावा हात स्वतःच्याच खांद्यावर ठेवून तो जेवत राहिला. त्याच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं, आणि तो पुसत नव्हता.

माझी नांदेडची गाडी पाचची होती. मी आणखी भात मागितला.