कागदी रुक्माबाई

बाजारहत्नूरच्या शाळेत शिकवणाऱ्या सुनयना वाघमारे मार्चमध्ये स्कुटीवरून पडल्या आणि पायाला प्लॅस्टर लागलं. घरी बसून मोबाइल पाहताना त्यांना एक जुना जपानी मूकपट सापडला. शंभरेक वर्षांपूर्वीच्या त्या दिग्दर्शकानं रंगीत कागदाची माणसं कापली होती. ती जराजराशी सरकवून दर वेळी फोटो काढला होता, आणि माणसं चालू लागली होती. सुनयनाबाईंनी कपाटातल्या जुन्या लग्नपत्रिका काढल्या आणि कात्री मागितली.

"हे काय करून राह्यली?" नवऱ्यानं, अमरदीपनं विचारलं. तो तहसीलमध्ये कारकून.

"सिनेमा."

"जपानी लोक बौद्ध असतात ना? मंग भगवान बुद्धावर कर."

"मामींवर करते."

मामी म्हणजे सासूबाई, रुक्माबाई. त्यांनी उभा जन्म दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचला. एकदा बांधावरची त्यांची भाकर बकरीनं पळवली आणि त्या तिच्यामागं पार शेजारच्या गावापर्यंत धावल्या, हे घरात सगळ्यांना पाठ होतं.

कागद हलू नये म्हणून घरातला पंखा बंद असायचा. एका दुपारी अमरदीप जेवायला आला. "पंखा काऊन बंद?" म्हणत त्यानं बटण दाबलं. कागदी रुक्माबाई शेतातून उडाली आणि आभाळाच्या निळ्या कागदावर जाऊन पडली. सुनयनाबाईंनी थोडा विचार केला आणि पुढचे फोटो तिथूनच काढले. तिला परत खाली कसं आणावं ते सुचलं नाही, म्हणून आणलं नाही. सासूबाईंना या उडण्याचं काही सांगितलं नाही.

चौदा एप्रिलला विहारासमोर पांढरी चादर बांधली. "आता जपानी पिच्चर," असं कार्यक्रम सांभाळणाऱ्या पंकजनं माइकवर सांगितलं. पिच्चर सुरू झाला. लोक आवाजाची वाट पाहत बसले. मागून कुणीतरी म्हणालं, "आवाज वाढवा."

रुक्माबाई पुढच्या रांगेतून उठल्या. "त्याले आवाज नाही. मी सांगते." त्यांनी माइक घेतला. "ही मी. नाक माह्यंच हाय. बकरी काळी होती, सुनेनं गुलाबी केली."

मग पडद्यावर रुक्माबाई उडाल्या. सुनयनाबाईंनी मान खाली घातली.

"इथं मी उडाली," रुक्माबाई म्हणाल्या. "मुकादम काटा घेऊन खालून पाहून राह्यला होता. म्हटलं, तोल आता कापूस."

कुणी हसलं नाही. म्हाताऱ्या बायांमधून सोनाबाई म्हणाली, "मीबी होती संगं."

लोकांनी पिच्चर पुन्हा लावायला सांगितला. दुसऱ्या वेळी रुक्माबाईंनी माइकवरून सोनाबाईलाही उडवलं.

घरी आल्यावर सुनयनाबाईंनी विचारलं, "मामी, तुमाले राग तर नाही ना आला?"

"कायचा राग? खाली नाही उतरवलं, ते बरं केलं."

पुढच्या महिन्यात इंद्रवेल्लीहून निरोप आला: रुक्माबाईंना पाठवा, पिच्चर सोबत आणला तरी चालेल. सुनयनाबाई पिच्चर घेऊन गेल्या आणि मागं बसल्या.