पटावरचा फटकळ

माईक हातात आला की तो आधी पंचांकडे पाठ करायचा. "त्याइचं तोंड पाह्यलं का मले भीड पडते," म्हणायचा. त्याला भीड पडलेली मी कधी पाहिली नाही.

यवतमाळ जिल्ह्यात तुम्ही बैलजोड्यांच्या शर्यतीचा शंकरपट पाहिला असेल, तर भोंग्यावरून त्याचं समालोचन ऐकलंच असेल. पांढरकवड्यापासून फुलसावंगीपर्यंत लोक पट ठरवताना आधी त्याला विचारायचे. मी साउंडवाला. शर्यतींवरच्या बंदीच्या आधीही आणि बंदी उठल्यावरही त्याच्या बाजूला मशीनवर मीच बसायचो.

"जोडी वाघ हाय, पण धुरकरी पाहा, जसा काही सासरी जाऊन राह्यला!" छकडा हाकणारा चिडायचा आणि मैदान हसायचं. एका सरपंचाचं भाषण लांबलं तेव्हा मध्येच म्हणाला, "साहेब, आवरा. बैल उभ्या उभ्या म्हातारे होऊन राह्यले." सरपंचही हसले. पुढच्या वर्षी त्यांनीच त्याला बोलावलं.

एरवी तो सायकल दुरुस्त करायचा. दुकानात गिऱ्हाइकाशी दोन शब्द बोलला तर नशीब. मी एकदा विचारलं, "काहून बोलत नाही तुम्ही?" म्हणाला, "इथं कोणाले पाहिजे माहं बोलणं?" माईक हेच त्याचं सगळं होतं, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं.

मग तो पट आला. भरवणारा पुढारी, आणि पहिली आलेली जोडीही त्याचीच. टाळ्या सुरू असतानाच हा बोलला, "जोडी पहिली आली, पण बैलाच्या पुठ्ठ्यातून रक्त निघून राह्यलं. काठीले खिळा हाय. पंचांनी..."

पुढाऱ्याने स्टेजवरून माझ्याकडे पाहिलं आणि बोट हलवलं. तालुक्यातले सगळे पट त्याचीच माणसं भरवत. मी भ्यालो. वायर उपटली.

तो थांबला नाही. मानेच्या शिरा ताणून नुसत्या गळ्याने ओरडत राहिला. पहिल्या रांगेपलीकडे काही पोचलं नसेल. मला मात्र शब्द न् शब्द ऐकू आला, "हा निकाल रद्द करा! मुकं जनावर सांगू शकत नाही, म्हणून मी सांगून राह्यलो!"

त्यानंतर त्याला कोणी बोलावलं नाही. एक गोडबोल्या पोरगा आला, तो प्रत्येक जोडीला राजा म्हणायचा. त्याच्या बाजूलाही मीच बसलो. सायकलीत हवा भरायला गेलो की हा मुकाट्याने भरून द्यायचा. त्याने मला शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं.

उन्हाळ्यात तो गेला. चौकात बॅनर लागला, 'निर्भीड समालोचकास श्रद्धांजली'. त्यात पुढाऱ्याचा फोटो त्याच्यापेक्षा मोठा होता.

तेराव्याला गेलो तेव्हा त्याची बायको मोबाइल घेऊन जवळ आली. कोणीतरी तिला त्याच पटाचा व्हिडिओ पाठवला होता. त्याचा आवाज म्हणून घरात तेवढाच उरला होता. "...पंचांनी" इथे तो तुटत होता. पुढे नुसतंच त्याचं तोंड हलत होतं.

"भाऊ, तुमी तर बाजूलेच बसून दिसता. इथं काय म्हणून राह्यले हे?"

"आवाज गेलता, वहिनी. वायर निघालती."

तिने व्हिडिओ मागे घेतला आणि चष्मा सावरून पुन्हा पाहू लागली. पडद्यावर तो बोलत होता. बाजूला माझा हात वायरीकडे जात होता.