जावातल्या लग्नातली ढोलकी

गुडघ्याच्या ऑपरेशननंतर आईने चालण्याची धास्तीच घेतली होती. एका दुपारी तिच्याजवळ बसून मी मोबाइल चाळत होते, तेवढ्यात इंडोनेशियातला एक व्हिडिओ सुरू झाला. जावातल्या कुठल्याशा गावातलं लग्न होतं. मांडवात चमचमत्या कपड्यांतली बाई गात होती आणि पाहुण्या बायका खुर्च्या सोडून नाचत होत्या.

"आवाज वाढव गं. ढोलकी वाजतेय ना ही?" आई म्हणाली.

"तसलंच वाद्य आहे. या गाण्यांना तिकडे दांगदुत म्हणतात. वाद्याच्या बोलांवरूनच नाव पडलंय."

"दांग-दुत!" आई खुदकन हसली आणि वॉकर ओढून चक्क उभी राहिली. एक पाऊल टाकलं, मग दुसरं ठेक्यावर टाकलं. मी सावरायला धावले.

"मला नको धरूस, मोबाइल धर!"

कुणा पाहुण्याने हौसेने टिपलेलं ते लग्न. आपल्या नाचात साताऱ्याची एक म्हातारीही सामील झाली, हे त्या बायकांना कधी कळणारही नाही. आनंद असाच, न विचारता कुणाच्याही घरात शिरतो.

गाणं संपलं तेव्हा आई खिडकीपाशी पोचली होती. धापा टाकत म्हणाली, "परत लाव."