औषधाच्या खिडकीतली सुजाता

गोळ्यांची पट्टी हातात आली की सुजाता आधी ती उलटी करायची. पुढच्या बाजूला कंपनीने झगझगीत रंगात छापलेलं नाव तिच्या लेखी नसल्यात जमा होतं. मागच्या चंदेरी कागदावर मुंगीएवढ्या अक्षरांत जे लिहिलेलं असतं, त्याखाली ती अंगठ्याचं नख ओढायची आणि म्हणायची, "औषध हे हाये. पुढचं ते बारशाचं नाव."

आदिलाबादला आम्हा पेन्शनरांच्या दवाखान्यात औषधं देणारी एक खिडकी आहे. कार्ड दाखवायचं, डॉक्टरांची चिठ्ठी सरकवायची, महिन्याच्या गोळ्या घ्यायच्या. सुजाता त्या खिडकीत फार्मासिस्ट होती. चाळिशी ओलांडलेली, बारीक अंगाची, केस घट्ट मागे बांधलेले. रांगेत मराठी, तेलुगू, उर्दू सगळं एकदम चालायचं आणि ती ज्याला त्याला त्याच्या भाषेत रागवायची. ज्या म्हाताऱ्याला तिन्ही भाषा ऐकू यायच्या नाहीत, त्याच्यासाठी ती पाकिटावर सूर्य आणि चंद्र काढून द्यायची.

मी मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालो आणि बक्षीस म्हणून रक्तदाब सोबत घेऊन आलो. गावातल्या एका नामांकित डॉक्टरांनी एक गोळी लिहून दिली. तिचं नाव इतकं भारदस्त होतं की नुसतं उच्चारलं तरी बरं वाटायचं. पेन्शनरांच्या कार्डावर औषध फुकट मिळतं असं कळल्यावर मी ऐटीत खिडकीशी गेलो. सुजाताने चिठ्ठी वाचली आणि एक साधी, रंगहीन पट्टी माझ्यापुढे ठेवली. तिच्यावर कंपनीचं धड नावही दिसत नव्हतं.

"हे नाही," मी म्हणालो. "मला त्याच नावाचं पाहिजे."

"इथं नाव नाई भेटत सर, औषध भेटते. यादीत हेच हाये."

मग मी तो प्रश्न विचारला, जो माणसाने निवृत्तीनंतर कधीही विचारू नये. "तू मला ओळखतेस का?"

"ओळखते ना! वांकिडीच्या शाळेत आठवीला मराठी तुमीच शिकवलं आमाले."

"हो, हो! आठवलं. पहिल्या बाकावर बसायचीस तू."

"नाई सर. शेवटच्या."

मागची रांग खदखदून हसली. मी ती पट्टी खिशात घातली आणि तडक बाजारातल्या मोठ्या दुकानातून, पदरचे पैसे देऊन, भारदस्त नावाची गोळी विकत घेतली.

सुजाताची खरी आठवण मला नव्हती, हे आता लपवण्यात अर्थ नाही. तिचे वडील दुसऱ्याच्या शेतात सालदार होते. ती वर्गात गप्प असायची, म्हणून मी तिला मठ्ठ समजलो असणार. माझी मुलांबद्दलची बरीचशी मतं अशीच बनलेली होती. ती शिकली, औषधशास्त्राची पदविका घेतली, सरकारी नोकरीला लागली, आणि यात माझा हातभार काहीच नव्हता. तरीही पुढे ओळखीपाळखीत मी "माझी विद्यार्थिनी" म्हणून तिचा उल्लेख करायला चुकलो नाही.

गोळ्यांबद्दल माझा एक पक्का सिद्धांत होता. ज्या औषधाचं नाव डॉक्टरांच्या टेबलावरच्या पेनस्टँडवर नाही, ते औषध कसलं? माझी बायको कमल त्यावर म्हणायची, "आणि साखर तुमी सुटी आणता ते? तिचं नाव काय?" मी तिला समजावून सांगायचो की साखरेची गोष्ट वेगळी. कशी वेगळी, ते मात्र मला कधी सांगता आलं नाही.

तरी फुकट मिळालेलं टाकून देणं माझ्या स्वभावात नाही. म्हणून मी एक मधला मार्ग काढला. सकाळी भारदस्त नावाची गोळी घ्यायची, कारण ती खरी. संध्याकाळी दवाखान्यातली घ्यायची, कारण ती हलकी, पोटात पडली तर पडली. नावं निराळी, म्हणजे औषधंही निराळी, याबद्दल मला तिळमात्र शंका नव्हती. हा मार्ग मी कोणाला सांगितला नाही. थोर विचार माणसाने एकट्याने करावेत, असं माझं मत होतं.

दीड महिन्याने तामसीच्या शाळेत गुणवंत मुलांचा सत्कार होता आणि मी प्रमुख पाहुणा होतो. हार घातला गेला. मी उठलो आणि "विद्यार्थी मित्रहो, आयुष्यात ठाम उभं राहायला शिका," एवढं म्हणालो, तोच समोरची मुलं डावीकडे सरकू लागली. मग छतही सरकलं. मी हारासकट टेबलावर आणि टेबलावरून खाली आलो. मुलांना वाटलं, सर करून दाखवतायत. काहींनी टाळ्या वाजवल्या.

मास्तर मंडळींनी मला गाडीत घालून आदिलाबादला आणलं. डॉक्टरांनी रक्तदाब मोजला. तो इतका खाली गेला होता की त्यांनी यंत्र बदलून पुन्हा मोजला. मला सलाईन लावलं. कमल तिथेच रडत बसली होती. खिडकी बंद करून सुजाता आली आणि तिने एकच गोष्ट विचारली, "काकू, घरात सरच्या जितक्या गोळ्या हायेत तितक्या आणा. लपवलेल्या बी."

लपवलेल्या माझ्या पुस्तकांच्या कपाटात होत्या. कमलने पिशवी उलटी केली. सुजाताने दोन पट्ट्या शेजारी शेजारी ठेवल्या, दोन्ही उलट्या केल्या आणि दोन्हींवर नख ओढलं.

"सर, वाचा."

मी वाचलं. दोन्ही ठिकाणी एकच शब्द होता. आकडाही एकच.

"पण नाव तर वेगळं आहे," मी पडल्या पडल्या म्हणालो.

"पाणी, जल, नीर," ती म्हणाली. "समानार्थी शब्द तुमीच शिकवले ना आमाले? एका दिवसात तुमी जल बी प्याले आन् नीर बी प्याले. मग बुडान नाई तं काय होईन?"

डॉक्टर हसले. कमल रडता रडता हसली. तिने हसून झाल्यावर मात्र माझ्याकडे असं पाहिलं की मी भिंतीकडे तोंड केलं. सुजाता तेव्हा हसत नव्हती. ती हळूच म्हणाली, "सर, अजून थोडी घेतली असती तं टाळ्या नसत्या वाजल्या."

त्यानंतर मी सुधारलो. सुधारलेला माणूस बिघडलेल्या माणसापेक्षा जास्त घातक असतो, हे मी स्वानुभवाने सांगतो. मी जेनेरिक औषधांचा प्रचारक झालो. लग्नात, मयतीत, भाजीबाजारात, जो भेटेल त्याच्या गोळ्या मी उलट्या करू लागलो. आमच्या शेजारच्या भाजीवाल्या अनसूयाबाईंच्या मुलीला फिट्स यायच्या. डॉक्टरांनी एका कंपनीची गोळी लिहिली होती आणि तीन वर्षांत तिला एकही फिट आली नव्हती. मी अनसूयाबाईंना सांगितलं, "काऊन पैसे वाया घालवता? नाव सोडा. तेच औषध स्वस्तात घ्या." आणि त्यांना हाताला धरून सुजाताकडे नेलं. माझ्या मते ती माझी पाठ थोपटणार होती.

तिने सगळं ऐकलं. मग अनसूयाबाईंना म्हणाली, "मावशी, आहे तीच कंपनी चालू ठेवा. बदल करायचा तं डॉक्टरले विचारूनच." आणि जाळीतून माझ्याकडे वळली. "सर, या आजारात चांगलं बसलेलं औषध आपल्या मनानं नाई बदलायचं. पोरीले रस्त्यात फिट आली असती, मग? स्वस्त ते सगळं चांगलं, असं मी कधी म्हणलं? पहिले तुमी पुढचं नाव वाचून डोकं बंद करत होते. आता मागचं वाचून बंद करून राह्यले."

मी घरी येऊन पांघरूण घेऊन पडलो. कमलला वाटलं, मला ताप आलाय.

त्या दिवसापासून मी तिच्याकडे नीट पाहू लागलो. एकदा एका खोक्यातल्या गोळ्या बोटांत धरताच भुगा होत होत्या, तर तिने ते अख्खं खोकं परत पाठवलं आणि वरच्या साहेबाने फोनवर आवाज चढवला तरी ऐकलं नाही. "माह्या खिडकीतून माती नाई जाणार," एवढंच ती म्हणाली. रांग संपली की ती डबा उघडायची. जेवायच्या आधी, पाठमोरी होऊन, एक गोळी घ्यायची. मला वाटलं, आम्लपित्त असेल. विचारायचं मला सुचलं नाही. माझ्या स्वतःच्या रक्तदाबावर बोलण्यातच माझा वेळ जायचा.

मग एकदा खिडकीत दुसरंच कोणी बसलेलं दिसलं. आठवडाभराने तिची मुलगी प्रज्ञा भेटली तेव्हा कळलं. सुजाताला रक्ताचा कर्करोग होता. पाच वर्षांपासून. पाच वर्षं तिने तो एका साध्या, बिननावाच्या जेनेरिक गोळीवर थोपवून धरला होता आणि त्या गोळीच्या जोरावर रोज दीडदोनशे म्हाताऱ्यांची किरकिर ऐकली होती. त्यात माझीही होती. आता ती गोळी लागू पडेनाशी झाली होती.

मी भेटायला गेलो आणि सांत्वन करायचं सोडून भलतंच बोललो. "पहिल्यापासून मोठ्या कंपनीचं घेतलं असतं तर..."

"नाई सर," ती उशीला टेकून म्हणाली. "औषध नाई हारलं. आजारानं वाट बदलली. मोठ्या नावाचं असतं तरी तेच झालं असतं." मग ती हसली. "आता जी गोळी पायजे ते एकच कंपनी बनवते. पेटंट हाये. जेनेरिक अजून निघालंच नाई. आन् कार्डाच्या यादीत नाई. पाह्या, जिंदगीभर लोकायले म्हणलं नावाच्या मागं लागू नका. आन् माह्याच नशिबी नाव आलं."

मला एकच काम येतं, अर्ज लिहिणं. यादीबाहेरचं औषध खास बाब म्हणून मंजूर करा, अशी दरखास्त मी लिहिली. पहिली फार सुंदर होती. तिच्यात दोन सुभाषितं होती. ती नामंजूर झाली. दुसरी मी इंग्रजीत लिहिली, तीत सुभाषित एकच होतं. तीही परत आली. तिसऱ्या वेळी सुजाताने मला समोर बसवलं. "सर, माह्याबद्दल चांगलं काई लिहू नका. आजाराचं नाव, पहिलं औषध किती दिवस चाललं, केव्हा बंद पडलं, दुसरं काऊन पायजे आन् त्याले पर्याय काऊन नाई. बस." अर्ज अर्ध्या पानात संपला. माझ्या नोकरीत मी एवढं लहान काही लिहिलं नव्हतं. मी तो घेऊन कचेरीत गेलो. बाबूने कागदांची मिसल चाळली, "लेदु सार, साहेब नाहीत," म्हणाला. मी बाकावर बसलो. दुसऱ्या दिवशीही बसलो. चौथ्या दिवशी साहेबांनी स्वतःच विचारलं, हे गृहस्थ कोण. महिन्याभरात मंजुरी आली.

त्या गोळीने तिला अकरा महिने दिले. त्यातले आठ ती खिडकीत बसली. प्रज्ञाची नर्सिंगची शेवटची परीक्षा तिने पाहिली, निकाल पाहिला. मग आजाराने पुन्हा वाट बदलली आणि या वेळी पुढे कुठलंच औषध नव्हतं, ना नावाचं, ना बिननावाचं. शेवटच्या भेटीत मी रडू लागलो, तेव्हा ती म्हणाली, "सर, बीपी वाढते." मग म्हणाली, "त्या गोळ्यायचे दोन डब्बे तसेच हायेत, सीलबंद. नागपूरच्या माह्या डॉक्टरले नेऊन द्या. कोणाची तरी मंजुरी याले अजून वेळ असन."

ती गेल्यानंतर पंधरा दिवसांनी मी सकाळच्या बसने नागपूरला निघालो. डबे कापडी पिशवीत मांडीवर ठेवले होते. वाटेत मी डॉक्टरांसमोर करायचं भाषण तयार केलं. सालदाराची मुलगी, शेवटचा बाक, खिडकी, सगळं त्यात होतं. डॉक्टरांच्या दाराशी चाळीस माणसं बसली होती. माझी पाळी आली तेव्हा मी डबे ठेवले आणि तिचं नाव सांगितलं. डॉक्टरांनी लेखणी खाली ठेवली. सील पाहिलं, तारीख पाहिली. मग नर्सला बोलावून म्हणाले, "बाहेर ती निळ्या साडीतली बाई आहे ना, तिच्या मुलाची गोळी सोमवारी संपतेय. त्यांना आत पाठव."

माझं भाषण तसंच राहिलं. नर्सने एक वही पुढे केली. औषध कोणी दिलं, ते लिहायचं होतं. मी सवयीने लिहून गेलो: माझं संपूर्ण नाव, पुढे सेवानिवृत्त मुख्याध्यापक, आणि खाली दोन ठिपक्यांची सही. सही चांगली आली होती. मी क्षणभर तिच्याकडे पाहत राहिलो.

मग ते सगळं खोडलं आणि वर लिहिलं, सुजाता.