पाच दारांवरचा घोडा

आज स्टुडिओच्या दाराला ऑइल पेंट लागला आणि त्या वासानं मी थेट उमरग्याच्या हायवेवर पोचले. अब्बा तिथं ट्रक रंगवायचे. एका मालकाच्या पाच ट्रकांच्या दारांवर अगदी एकसारखा घोडा हवा होता. अब्बांचा हात भरून आला, म्हणून घोड्यांचे पाय त्यांनी माझ्यावर सोपवले. तेच पाय पुन्हा पुन्हा काढायचा मला कंटाळा आला. मी प्रत्येक घोड्याचे वेगळे काढले.

सकाळी मालक, अण्णा, भडकलेच. "ओ पेंटर, एकाचा पाय वर, एकाचा खाली! पुसा समदं!"

अब्बांचा चेहरा उतरला. पण ट्रक भरलेले होते, थांबणार कसे? पहिला समोरून गेला, त्याच्यामागं दुसरा, मग तिसरा, आणि आमच्या डोळ्यांदेखत घोडा दौडत सुटला!

आता मी गोष्टी लिहिते, चित्रं चालवते, सिनेमे दिग्दर्शित करते. एका सेकंदाला चोवीस चित्रं लागतात म्हणे. त्या सकाळी पाच पुरली. अब्बा मला खांद्यावर घेऊन हसत होते आणि अण्णा धोतर सावरत ट्रकांमागं पळत ड्रायव्हरांना ओरडत होते, "ओळ मोडू नका रं! घोडं लंगडंल!"